वाळवंटातला गोंयचो सायब

एउसेबिओ किनो हा जेझुइट पाद्री अमेरिकेला पोचला तो एका चिठ्ठीमुळे. त्याची ओढ पूर्वेची, चीनची. तरुणपणी टायरॉलमध्ये शिकत असताना तो जिवावरच्या दुखण्यातून उठला होता. बरा झालो तर संत फ्रान्सिस झेवियरच्या वाटेने जाईन, असा नवस तेव्हा तो बोलला होता आणि त्याची आठवण म्हणून त्याने स्वतःच्या नावात फ्रान्सिस्को जोडून घेतलं. पण जेझुइट संघाने जागा दोनच दिल्या, एक फिलिपिन्समध्ये आणि एक मेक्सिकोत. त्याने आणि एका सोबत्याने चिठ्ठ्या उचलल्या, किनोच्या वाट्याला मेक्सिको आलं. पुढे १६९२ साली, आज ॲरिझोनात असलेल्या वाक या गावी तो घोड्यावरून पोचला. सांता क्रूझ नदी तिथे वाळूतून वर यायची, काठाने तिथल्या मूळनिवासी ओओधाम लोकांची शेती होती. पूर्वेला जायचं राहून गेलेल्या या माणसाने गावाला पूर्वेचाच संत दिला. सान हाविएर देल बाक. हाविएर म्हणजे झेवियर. जुन्या गोव्यात बॉम जेझूच्या बॅसिलिकेत चांदीच्या पेटीत निजलेला, तोच आपला गोंयचो सायब.

मी तिकडे गेले ती मात्र गाण्यांच्या मागावर. जात्यावरच्या ओव्यांनी मला वेड लावलं, त्याला आता पुष्कळ वर्षं झाली. गाणी कागदावर उतरवणाऱ्या माणसांबद्दल जिथे जे मिळेल ते मी वाचत आले आहे, आणि त्या वाचनात वाकजवळचं टूसॉन हे शहर सारखं भेटत राहिलं. जेम्स ग्रिफिथ हा लोकसाहित्याचा अभ्यासक तिथला. स्वतः बँजो वाजवणारा, आणि गावोगावच्या मूर्ती, नवस, कबरी, घोड्यांच्या शर्यतींवरची गाणी यांच्याबद्दल सारख्याच आस्थेने लिहिणारा. १९७४ साली त्याने पत्नीसह शहरात एक मेळा सुरू केला. तिथे राहणाऱ्या सगळ्या जमातींनी आपापलं खाणं आणि गाणं घेऊन एकत्र यायचं, एवढीच त्यामागची कल्पना होती. २०२१ मध्ये तो वारला. मेळा चालू आहे. त्याची पुस्तकं वाचताना एक गोष्ट पक्की कळली, की त्या मुलखातलं गाणं समजून घ्यायचं तर आधी चर्चमध्ये जायला हवं.

शहराच्या दक्षिणेला मोटारीने थोडं गेलं की सपाट, करड्या, काटेरी मुलखात एकदम सान हाविएरचा पांढराशुभ्र घुमट आणि दोन मनोरे उभे राहतात. इंग्रजीत याला वाळवंटातलं पांढरं कबूतर म्हणतात. आजची इमारत किनोची नाही. १७६७ मध्ये स्पेनच्या राजाने जेझुइटांना आपल्या साम्राज्यातून हाकललं आणि त्यांच्या जागी फ्रान्सिस्कन आले. त्यांनी १७८३ ते १७९७ या काळात ही वास्तू उभी केली. एका शेतमालकाकडून ७,००० पेसो कर्जाऊ घेतले होते आणि तारण होतं ते पुढे येणाऱ्या गव्हाचं. आसपास मोठ्या तुळईचं लाकूड नाही, म्हणून छत लाकडाचं न करता विटांच्या कमानी आणि घुमट रचले. राबणारे हात ओओधामांचे. पूर्वेकडच्या मनोऱ्यावर घुमट चढलाच नाही, तो आजही तसाच आहे. का, याची नाना कारणं लोक सांगतात. दर्शनी भिंतीवरच्या नक्षीत एका बाजूला मांजर आहे, दुसऱ्या बाजूला उंदीर. ज्या दिवशी मांजर उंदराला पकडेल त्या दिवशी जग बुडेल म्हणतात.

आत गेल्यावर डोळ्यांना जरा वेळ द्यावा लागतो. मग एकेक दिसू लागतं. देवदूत, शिंपल्यांची नक्षी, लाल-निळे रंग, संगमरवर परवडत नाही म्हणून भिंतीवर रंगवलेलं संगमरवर, नसलेल्या ठिकाणी रंगवलेले दरवाजे. मेक्सिकोतल्या श्रीमंत चर्चच्या तोडीचं काही करायचं होतं आणि हाती चुना, माती आणि रंग एवढंच होतं. मला ती रंगवलेली दारं फार आवडली. त्यांत कुणाला फसवण्याचा हेतू नाही. आपल्या देवाला काही कमी पडू नये, ही धडपड त्यांत दिसते.

पश्चिमेकडच्या बाजूच्या दालनात एक लाकडी मूर्ती निजलेली आहे. अभ्यासक सांगतात की ती मूळची कबरीतल्या ख्रिस्ताची, दक्षिणेकडच्या तुमाकाकोरी मिशनातून आलेली. लोकांनी मात्र तिला सान फ्रान्सिस्को मानलं आहे. तिच्या पांघरुणावर धातूचे छोटे हात, पाय, डोळे, हृदयं टाचलेली असतात, शेजारी फोटो, दवाखान्यात मनगटाला बांधतात त्या पट्ट्या. वांद्र्याच्या मतमाउलीला मेणाचे हातपाय वाहणाऱ्यांना, देवीला चांदीचे डोळे वाहणाऱ्यांना हे वेगळं समजावून सांगायला नको. भाविक पुढे होतात, मूर्तीचं डोकं हलकेच उचलतात, कपाळाचं चुंबन घेतात. मनात पाप असेल तर डोकं उचललं जात नाही, अशी समजूत आहे.

आणि हा सान फ्रान्सिस्को नक्की कोण? झेवियरचा सण ३ डिसेंबरला, जसा गोव्यात. पण या मुलखाची मोठी यात्रा भरते ४ ऑक्टोबरला, सीमेपलीकडे माग्दालेनाला. तो दिवस असिसीच्या फ्रान्सिसचा आणि यात्रेतली मूर्ती झेवियरची. माग्दालेनातच १७११ साली झेवियरच्या नावाचं प्रार्थनाघर अर्पण करताना किनोला मरण आलं, त्याच्या अस्थी १९६६ मध्ये तिथे सापडल्या. ग्रिफिथच्या मते लोकांच्या श्रद्धेत असिसीचा फ्रान्सिस, झेवियर आणि किनो असे तिघे मिळून एक संत झाले आहेत. पंडितांना यात गोंधळ दिसेल. मला त्यात लोकांची सत्ता दिसते. बाहेरून आलेला देव त्यांनी हाताळून हाताळून आपल्या मापाचा करून घेतला.

ही गोष्ट मी गोव्याकडे पाठ फिरवून लिहू शकत नाही. झेवियर १५४२ साली गोव्यात उतरला तेव्हा रस्त्यातून घंटा वाजवत मुलांना गोळा करायचा आणि धर्माचे पाठ त्यांच्याकडून चालीवर म्हणून घ्यायचा. त्याच्याच संघातल्या फादर स्टीफन्सने १६१६ मध्ये मराठी ओवीत क्रिस्तपुराण छापलं. गाण्याची ताकद या माणसांनी नेमकी ओळखली होती. म्हणूनच ती ताकद नको तिथे दिसली की तिच्यावर घालाही पडला. ज्या इन्क्विझिशनची मागणी झेवियरने स्वतः पोर्तुगालच्या राजाला पत्र लिहून केली होती, त्याच इन्क्विझिशनने १७३६ साली लग्नघरात वोव्यो म्हणायला बंदी केली. हळद लावताना बायकांनी काय गावं, हे धर्मसत्तेचं न्यायालय ठरवू लागलं. ॲरिझोनात हे काम पुढे शाळांनी केलं. मूळनिवासी मुलांसाठीची फीनिक्सची सरकारी निवासी शाळा १८९१ ते १९९० चालली. घरापासून तोडून आणलेल्या मुलांच्या तोंडची भाषा पुसणं हे अशा शाळांचं उघड धोरण होतं. भाषा गेली की गाणं राहत नाही.

तरी दोन्हीकडे गाणी उरली. बायकांनी ती स्वयंपाकघरात, जात्याशी, बाळंतिणीच्या खोलीत राखली. वाकच्या लोकांनी तर अख्खं चर्च राखलं. १८२१ मध्ये मेक्सिको स्वतंत्र झाला, काही वर्षांत स्पॅनिश पाद्री गेले आणि ही वास्तू पुजाऱ्यावाचून पडून राहिली. त्या काळात ओओधामांनी आतल्या मूर्ती आणि पूजेची भांडी आपापल्या घरी नेऊन ठेवली. मातीच्या, कुडाच्या घरांत, स्वतःच्या धान्याशेजारी. १८५४ साली हा मुलूख अमेरिकेत गेला, १८५९ नंतर पाद्री पुन्हा येऊ लागले, तेव्हा या वस्तू बाहेर आल्या. देऊळ कोणाचं, या प्रश्नाचं उत्तर मला एवढ्या एका हकिकतीत मिळतं. बांधणाऱ्या संघाचं नाही, कर्ज देणाऱ्याचं नाही. अडचणीच्या काळात ज्यांनी देव घरात घेतला त्यांचं.

फ्रान्सिस डेन्समोर ही संगीताची अभ्यासक १९२० मध्ये याच गावात मेणाची नळकांडी आणि फोनोग्राफ घेऊन आली. तिचं पुस्तक १९२९ मध्ये निघालं, तेव्हाच्या रीतीप्रमाणे नावात पापागो हा शब्द घालून. हे बाहेरच्यांनी दिलेलं नाव या लोकांनी १९८६ मध्ये अधिकृतपणे टाकलं आणि तोहोनो ओओधाम हे स्वतःचं नाव घेतलं. डेन्समोरच्या कामात आज खूप दोष दिसतात. पाश्चात्त्य सुरांच्या रेघांत न बसणारी गाणी तिने त्या रेघांत बसवली. पण एक काम तिने चोख केलं. कोणतं गाणं कोणी गायलं त्या माणसाचं नाव तिने गाण्यासोबत छापलं. आपल्याकडे हेमा राईरकर आणि गी पॉइत्व्हँ यांनी मुळशीपासून सुरुवात करून जात्यावरच्या लाखाच्या वर ओव्या जमवल्या, त्यांनीही बाईचं नाव आणि गाव सोडलं नाही. संग्राहकाची पहिली पारख मी यावरूनच करते. गाणं घेतलं आणि नाव टाकून दिलं, तर ती लूट आहे.

ओओधामांच्या जुन्या समजुतीप्रमाणे माणूस गाणं रचत नाही, ते त्याला मिळतं. स्वप्नात एखादा पक्षी देतो, समुद्र देतो. त्यासाठी आधी कष्ट हवेत. तरुण पुरुष मिठासाठी कॅलिफोर्नियाच्या आखातापर्यंत वाळवंट तुडवत जात, वाटेत पाणी मोजून पीत, लाटांवर मक्याचं पीठ वाहत, किनाऱ्याने दमेपर्यंत धावत. त्या धावेत कुणाला दर्शन व्हायचं, कुणाला गाणं मिळायचं. उन्हाळ्याच्या टोकाला साग्वारो या उंच निवडुंगाची फळं उतरवून त्यांचं मद्य आंबवतात आणि रात्रभर गातात, ते पाऊस यावा म्हणून. साथीला खुळखुळा, नाही तर उलटी ठेवलेली टोपली आणि तिच्यावर घासायची खाचांची काठी. रूथ अंडरहिलने १९३८ मध्ये या गाण्यांवर पुस्तक लिहिलं. ते वाचताना मला पुन्हा पुन्हा जाणवलं की इथे गाणं म्हणजे करमणूक नाही, शेतीतलं एक काम आहे. पेरणीइतकंच गरजेचं.

चर्चपुढच्या चौकात सणाच्या रात्री वेगळंच काही वाजतं. वाइला. एकोणिसाव्या शतकात मेक्सिकोच्या बाजूने आलेले पोल्का आणि इतर नाच ओओधामांनी उचलले, आधी व्हायोलिन आणि गिटारवर, मग अकॉर्डियन आणि सॅक्सोफोनवर. गु आची फिडलर्स या मंडळींची जुनी व्हायोलिनची चाल १९८८ मध्ये ध्वनिमुद्रित झाली, ती मिळवून जरूर ऐकावी. शब्द जवळपास नसतातच. पाय जमिनीलगत घसटत, गोल फिरत, पहाटेपर्यंत नाच चालतो. शुद्ध परंपरेच्या शोधात आलेले लोक याला उसनं म्हणून नाक मुरडतात. मला ते पटत नाही. पेटी युरोपातून आली म्हणून आपलं भजन उसनं होत नाही.

स्पॅनिश गाण्यांची वाट आणखी निराळी. टूसॉनच्या लुइसा रॉनश्टाट यांनी लुइसा एस्पिनेल या नावाने रंगमंच गाजवला. घरी वडिलांकडून ऐकलेली मेक्सिकोतल्या सोनोराची गाणी त्यांनी १९४६ मध्ये ॲरिझोना विद्यापीठाकडून ‘कान्सिओनेस दे मि पाद्रे’ या नावाने प्रसिद्ध केली. म्हणजे वडिलांची गाणी. त्यांची भाची लिंडा रॉनश्टाट १९८७ मध्ये तेच नाव घेऊन गायली आणि स्पॅनिश न येणाऱ्या अमेरिकनांनीही ती तबकडी डोक्यावर घेतली. घराच्या अंगणातलं गाणं लाखोंपर्यंत गेलं, कारण मधल्या एका बाईने ते वेळेवर लिहून ठेवलं होतं. कोरिदो म्हणजे त्यांचा पोवाडा. १९५७ मध्ये आग्वा प्रिएताला झालेल्या घोड्यांच्या शर्यतीवरचा त्यातला एक अजून सगळ्यांच्या तोंडी आहे आणि तो ज्याच्या नावाचा, तो कुम्पासचा मोरो नावाचा घोडा ती शर्यत हरला होता. हरलेल्याचं गाणं करणारी माणसं मला जवळची वाटतात.

चर्चच्या भिंतीबद्दल एक सांगायला हवं. विसाव्या शतकात मजबुतीसाठी म्हणून बाहेरून सिमेंटचा गिलावा चढवला गेला. सिमेंटने ओल आत कोंडली, मऊ भाजलेल्या विटा भुसभुशीत झाल्या, आतली चित्रं पोपडे धरून सुटू लागली. शेवटी सिमेंट खरवडून काढावं लागलं आणि जुना चुना-वाळूचा गिलावा परत आला, त्यात फड्या निवडुंगाचा चिकट रस मिसळून. असा गिलावा ओल बाहेर सोडतो. पण तो झिजतोही, म्हणून पुन्हा पुन्हा लावावा लागतो. १९९२ पासून आतल्या चित्रांची सफाई झाली, तेव्हा परदेशी तज्ज्ञांच्या हाताखाली गावातली ओओधाम तरुण मंडळी हे काम शिकली. गोव्यात उलटं घडलं. बॉम जेझूचा गिलावा १९५० च्या दशकात काढून टाकला आणि उघडा जांभा तेव्हापासून पावसाने झिजतो आहे. पाहुण्यांना मात्र तो लाल दगडच जुना आणि अस्सल वाटतो. जुनं दिसणं आणि जुनं टिकणं यांत आपण सारखी गल्लत करतो, गाण्याच्या बाबतीतही. वाद्य बदललं, शब्द बदलला की आपण हळहळतो. पण दर पिढीने नव्याने लावावा लागतो तोच गिलावा भिंत वाचवतो.

जे खरोखर गेलं ते पाणी. शहरासाठी आणि शेतीसाठी जमिनीखालचा उपसा इतका झाला की ज्या नदीमुळे वाक वसलं ती सांता क्रूझ तिथे आटली. ओओधामांना न्यायालयात जावं लागलं, १९८२ मध्ये त्यांच्या पाण्याच्या हक्काचा कायदा झाला आणि कालव्याने आणलेल्या पाण्यावर गावाची सहकारी शेती पुन्हा उभी राहिली. तिथे तेपारी नावाच्या वालासारख्या शेंगा पिकतात, कमी पाण्यावर तग धरणाऱ्या. पावसाला बोलावणारी गाणी ज्यांच्याकडे आहेत, त्यांनी पाण्यासाठी वकीलही उभे केले. मला यात विसंगती दिसत नाही.

ॲरिझोनात आज मराठी घरं पुष्कळ आहेत, मुलांकडे जाणारे आईवडीलही. त्यांनी ग्रँड कॅन्यन पाहावाच, पण एक रविवार सान हाविएरसाठी राखावा. आत प्रार्थना चालू असेल तर मागे शांत उभं राहावं, तिथे लोक देवाला भेटायला आलेले असतात. मूर्तीजवळच्या माणसाचा फोटो विचारल्याशिवाय काढू नये. बाहेर मेस्कीटच्या खांबांच्या मांडवाखाली बायका तळलेली भाकर विकतात, ती घ्यावी, पैसे मोकळ्या हाताने द्यावेत. सणाचा नाच चालू असेल आणि कुणी हाताला धरून रिंगणात ओढलं तर जावं. मात्र कुणालाही गाऊन दाखवायला सांगू नका. काही गाणी ठरावीक ऋतूतच म्हणायची असतात, काही बाहेरच्यांसाठी नसतातच. ती ऐकायला मिळाली नाहीत, तर जशी गेलात तशी परत या.