नऊ प्रश्नांचा कागद

"गेल्या दोन आठवड्यांत किती दिवस उदास वाटलं?" उल्हासनगर कॅम्प २ मधल्या, नेहरू चौकाजवळच्या एका दवाखान्यात सत्तरीच्या सिंधी आजींना डॉक्टरांनी विचारलं. आजींनी उलट विचारलं, "मूंझ म्हणतोस का, पुट?"

मूंझ म्हणजे आठवणींनी जीव कासावीस करणारी उदासी. १९४९ साली कल्याणच्या लष्करी छावणीचं उल्हासनगर झालं. तिथं वसलेल्या निर्वासितांनी हा शब्दही सोबत आणला होता. कागदावर त्याला रकाना नाही.

नैराश्य हेरण्यासाठी डॉक्टर भरून घेतात त्या कागदाचं नाव पीएचक्यू-९. स्पिट्झर, क्रोएन्के आणि विल्यम्स यांनी तो घडवला. नऊ प्रश्न, प्रत्येकाला शून्य ते तीन गुण, एकूण २७. दहा भरले की डॉक्टर सावध होतात. २००१ च्या अभ्यासात या रेषेवर ८८ टक्के आजारी माणसं सापडली आणि ८८ टक्के निरोगी माणसं बरोबर वगळली गेली. ऐकायला भारदस्त! पण शंभरांच्या रांगेत पाच जणांना खरंच नैराश्य आहे असं धरा. त्यांतले चार-पाच सापडतील आणि उरलेल्या ९५ पैकी अकरा जण उगाच अडकतील. म्हणून शिबिरात कागद भरून घ्यायचा आणि तिथंच गोळ्या द्यायच्या, हा प्रकार मला मुळीच पटत नाही.

बदलापूरहून पहाटेची लोकल पकडणारा झोपेच्या रकान्यात 'जवळपास रोज' अशी खूण करतो. त्याला झोप लागत नाही की झोपायलाच मिळत नाही, ते विचारावं लागतं. एकाग्रतेच्या प्रश्नात वर्तमानपत्र वाचण्याचं उदाहरण आहे. गजानन मार्केटमधला दुकानदार त्यावर मान हलवून मोकळा होतो, "गल्ल्याचा हिशोब पुन्हा पुन्हा चुकतो का?" म्हटलं की खुर्ची पुढे ओढून बोलायला लागतो. अर्थात शब्द बदलले की चाचणी प्रमाणित राहत नाही. आधी छापील प्रश्न, मग आपली मल्लिनाथी.

थायरॉइड, हिमोग्लोबिन, दारू, घरात नुकतंच कुणी गेलंय का, हे सगळं कागदाबाहेरचं. पूर्वी कधी झोपेविना अंगात वारं शिरल्यासारखे, बेफाम खर्चाचे दिवस आले होते का, हेही विचारायचं. तसं असेल तर नुसत्या नैराश्यविरोधी गोळीनं तोल दुसऱ्या टोकाला जाऊ शकतो.

नववा प्रश्न मरणाच्या विचारांचा. विचारलं तर डोक्यात भरेल, या भीतीनं पुष्कळ जण तो गाळतात. विचारल्यानं धोका वाढत नाही, असं अभ्यास सांगतात. बेरीज चारच आली, पण नवव्यापुढे शून्य नसेल, तर त्याबद्दल सविस्तर बोलल्याशिवाय माणसाला घरी पाठवायचं नाही.

गोव्यात 'संगाथ' संस्थेनं दहा आरोग्य केंद्रांत हाच कागद वापरला. १४ च्या वर गुण असलेल्यांशी समुपदेशक सहा ते आठ वेळा बसून बोलले. हे समुपदेशक मानसोपचारतज्ज्ञ नव्हते, शिकवून तयार केलेली साधी माणसं होती. २०१७ साली छापलेले निष्कर्ष असे: तीन महिन्यांनी ६४ टक्के सावरले, नेहमीच्या उपचारांवर असलेल्यांत ३९ टक्के.

आजींची बेरीज आठ झाली. डॉक्टरांनी औषध लिहिलं नाही, पंधरा दिवसांनी पुन्हा बोलावलं. रात्री-अपरात्री कुणाला बोलावंसं वाटलं, तर केंद्र सरकारच्या टेलि-मानसचा १४४१६ हा क्रमांक चोवीस तास चालू असतो. तिथं मराठीतूनही बोलता येतं.