वळिवड्याचा मुक्काम

दसरा झाला की आमच्या शिरूर कासारकडची गावं निम्मी रिकामी होतात. मुकादमाची उचल घेतलेली जोडपी कोयते, भांडी, लेकरं ट्रॅक्टरच्या ट्रॉलीत भरून ऊसतोडीला कारखान्यांकडं निघतात. माझा चुलतभाऊ कोल्हापूरच्या पट्ट्यात होता. त्याला भेटायला पौषात निघालो. बीडहून एसटीनं सोलापूर, पुढं मिरज, तिथून पॅसेंजर. कोल्हापूरच्या अलीकडं वळिवड्याला उतरलो. त्याची टोळी जवळच्याच फडात होती, पण मला आधी हे गाव पाहायचं होतं.

महायुद्ध चालू असताना, १९४३ मध्ये, कोल्हापूर संस्थानात पंचगंगेजवळ इथं पोलंडच्या निर्वासितांची छावणी वसली. सुमारे ५,००० माणसं, त्यांत बायका आणि मुलंच जास्त. बरीचशी पूर्व पोलंडच्या खेड्यांतली. ल्वूव शहर आणि त्याच्या आसपासचा तो मुलूख आज युक्रेनमध्ये आहे. सप्टेंबर १९३९ मध्ये सोव्हिएत फौजा तिथं शिरल्या. फेब्रुवारी १९४० च्या गोठवणाऱ्या थंडीत घरंच्या घरं उठवली, मालगाड्यांत कोंबली आणि सायबेरियाकडं नेली. हाताला लागलं तेवढंच गाठोडं. १९४१ मध्ये हिटलरनं रशियावर चाल केल्यावर त्यांची सुटका झाली. तिथून इराण, मग कराची, आणि शेवटी आमच्या जोंधळ्या-उसाच्या मुलखात.

इथं त्यांना कौलारू बैठ्या चाळी मिळाल्या. शाळा निघाल्या, चर्च झालं, नाटकं बसली. ज्या लेकरांनी वाटेत आईबाप पुरले, ती इथं पुन्हा पाढे म्हणू लागली. कोल्हापूरकरांनी हा ठेवा अजून जपलाय. शहरात महावीर उद्यानात स्मृतिस्तंभ आहे, ख्रिस्ती दफनभूमीत पोलिश कबरी आहेत. वॉर्सॉमध्येही कोल्हापूरचं स्मारक उभं आहे.

युद्ध संपलं, पण घर उरलं नाही. १९४५ च्या याल्टा बैठकीनं त्यांचा मुलूख सोव्हिएत संघाकडंच ठेवला. १९४८ पर्यंत छावणी उठली. कुणी इंग्लंडला गेलं, कुणी ऑस्ट्रेलियाला, कुणी कॅनडाला. रिकाम्या चाळींत फाळणीनं हुसकलेली सिंधी कुटुंबं आली. तेच आजचं गांधीनगर, कापडाच्या घाऊक बाजाराचं. गाठींनी भरलेल्या टेम्पोंमधून वाट काढत मी त्या गल्ल्या हिंडलो. एकाच जमिनीनं पाच वर्षांत दोनदा उघड्यावर आलेली माणसं पोटात घेतली, हे मनातून जाईना.

दिवस कलताना फडावर पोचलो. पाचटाची कोपी, दारात बैलांपुढं वाढे. वहिनी चुलीवर भाकरी थापत होती. दिवसभर पाहिलेलं सांगितलं, तशी तिनं थापता थापता हात थांबवला.

"त्या बाया माघारी गेल्या का मग, भावजी?"

"गेल्या. पण आपल्या गावाला नाही."

ती काही बोलली नाही. पिठाचा हात नकळत गळ्याशी गेला. मंगळसूत्रात गावच्या घराची किल्ली अडकवलेली होती. जरा वेळानं म्हणाली, "हंगाम संपून पट्टा पडला की पाडव्याला घर सारवायचंय." आणि भाकरी तव्यावर टाकली.