ज्वारीची भाकरी खाऊनही शुगर का वाढते?

"डॉक्टर, आम्ही चपाती बंदच केली. दोन्ही वेळ ज्वारीची भाकरी. तरी शुगर कशी वाढली?"

भवानी पेठेत प्रॅक्टिस करताना हा प्रश्न मला आठवड्यातून चार-पाच वेळा तरी ऐकू येतो. विचारणाऱ्याची चूक नसते. ज्वारी चांगली, असे त्याने सगळीकडे वाचलेले असते. शिवाय आपला जिल्हा ज्वारीचा. मंगळवेढ्याच्या मालदांडीला भौगोलिक मानांकन मिळाले आहे. 2023 हे वर्ष आंतरराष्ट्रीय भरडधान्य वर्ष म्हणून साजरे झाले, तेव्हा तर ज्वारी जवळजवळ औषधच होऊन गेली. ज्वारी चांगलीच आहे, मी स्वतः रोज खातो. पण ती औषध नाही, धान्य आहे.

एका भाकरीत किती चपात्या?

ज्वारीचे पीठ आणि चोकरासकट दळलेले गव्हाचे पीठ यांत पिष्टमय पदार्थ आणि तंतुमय पदार्थ जवळपास सारखेच असतात. ज्वारीतला स्टार्च अनेकांना थोडा सावकाश पचतो, एवढा तिचा फायदा. खरा फरक पडतो तो आकारात. घरगुती लहान चपातीला साधारण 25 ग्रॅम पीठ लागते, तर मध्यम भाकरीला 50 ग्रॅम किंवा जास्तच. म्हणजे एक भाकरी दोन चपात्यांच्या बरोबरीची. जो माणूस चार चपात्या सोडून तीन भाकरी खाऊ लागला, त्याचे खाणे कमी झाले नाही, दीडपट झाले!

कडक भाकरी तर आणखी फसवते. पातळ आणि हलकी असते, मोडत मोडत किती खाल्ली ते कळत नाही. तिच्यातले पाणी उडालेले असते, पीठ तेवढेच राहते.

एका ताईंची गोष्ट

तीनेक वर्षांपूर्वी एक ताई माझ्याकडे आल्या (ओळख कळू नये म्हणून काही तपशील बदलले आहेत). वय पन्नाशीच्या आसपास. घरी विड्या वळण्याचे काम. मांडीवर सूप घेऊन दिवसाचे आठ-नऊ तास बैठक. कोणीतरी सांगितले, "ज्वारी आणि गूळ सुरू करा, गोळ्यांची गरज नाही." त्यांनी गोळ्या थांबवल्या. चार महिन्यांनी आल्या तेव्हा एचबीएवनसी 9.6 होते. आपल्याला साधारणपणे ते 7 च्या खाली हवे असते. पायाला मुंग्या येत होत्या आणि डाव्या अंगठ्याला झालेली जखम पंधरा दिवस भरत नव्हती. दुखत नव्हती म्हणून त्यांनी ती कोणाला दाखवलीही नव्हती. मधुमेहात न दुखणारी जखम ही जास्त काळजीची असते, कारण नसांची संवेदना कमी झालेली असते.

मी त्यांना आहाराचा छापील तक्ता दिला नाही. त्यात ओट्स आणि ब्रोकोली असते. त्यांच्या घरी ते कोण आणणार? मी विचारले, "ताई, काल सकाळपासून काय काय खाल्लं, ते जसंच्या तसं सांगा." पाच वेळा गुळाचा चहा. दुपारी दोन भाकरी आणि पातळ आमटी. रात्री सगळ्यांचे झाल्यावर उरलेला भात, कारण "टाकून कसा द्यायचा?" भाजी मुलांना पुरली की संपली.

शेवटचे वाक्य माझ्या मते सगळ्यांत महत्त्वाचे. आपल्याकडे घरातली बाई शेवटी जेवते आणि तिच्या ताटात प्रामुख्याने भात किंवा भाकरीच उरते. हा प्रश्न साखरेइतकाच घरातल्या वाटणीचा आहे. म्हणून पुढच्या वेळी मी त्यांच्या मुलाला आणि सुनेला सोबत बोलावले.

आम्ही काय बदलले?

1. गोळ्या पुन्हा सुरू केल्या. जखमेवर उपचार केले, डोळ्यांचा पडदा तपासून घेतला.
2. भाकरी ठेवली, पण एका वेळी एकच.
3. ताईंची भाजी आधी बाजूला काढायची. मेथी, शेपू, चाकवत, दोडका, जे स्वस्त असेल ते. आधी भाजी आणि डाळ, मग भाकरी. या क्रमाने जेवल्यावर साखर कमी उसळते.
4. आमटी घट्ट. मटकी, हुलगे, तूर काहीही चालेल. पूर्व भागातल्या तेलुगू घरांत पप्पू असतोच. तिथे मी सांगतो, पप्पू दोन वाट्या आणि भात एक वाटी.
5. चहा दोन वेळा, गुळाशिवाय. गूळही रक्तात साखरच वाढवतो.
6. शेंगा चटणी चालेल, चमचाभर. तिने साखर फारशी वाढत नाही, पण तेल, मीठ आणि कॅलरीज भरपूर असतात.
7. दर तासाला सूप खाली ठेवून पाच मिनिटे उठायचे, जेवणानंतर पंधरा मिनिटे चालायचे. चालताना स्नायू रक्तातली साखर वापरतात.

जखम दीड महिन्यात भरली. सहा महिन्यांनी एचबीएवनसी 7.3 आले. गोळ्या चालूच आहेत, आणि त्यात कमीपणा काही नाही.

उपवास आणि पायी वारी

नवरात्रात अनेकजण नऊ दिवस साबुदाणा खातात. साबुदाणा म्हणजे जवळजवळ निव्वळ स्टार्च. त्यापेक्षा भगर थोडी, सोबत दही, काकडी आणि मूठभर शेंगदाणे बरे. पुढे कोजागरीला सोलापूरहून तुळजापूरला पायी जाणारे माझे कितीतरी पेशंट आहेत. मी त्यांना अडवत नाही. पण उपाशीपोटी साखरेची गोळी किंवा इन्सुलिन घेऊन चाललात, तर साखर 70 च्या खाली जाऊ शकते. घाम, थरथर, गोंधळल्यासारखे वाटले, की लगेच तीन चमचे साखर पाण्यातून घ्या, पंधरा मिनिटांनी पुन्हा तपासा. पायाची संवेदना कमी असेल तर अनवाणी जाऊ नका. चप्पल मंदिराच्या दारात काढता येते. आणि निघण्याच्या आठ दिवस आधी डॉक्टरांना भेटून डोस ठरवून घ्या. स्वतःच्या मनाने कमी-जास्त करू नका.

2023 मध्ये प्रसिद्ध झालेल्या आयसीएमआरच्या पाहणीनुसार देशात 10 कोटींहून जास्त लोकांना मधुमेह आहे. म्हणजे प्रत्येक गल्लीत, बहुधा प्रत्येक नात्यात कोणीतरी आहे. आज रात्री जेवायला बसाल तेव्हा फक्त एक करा: आपल्या घरात शेवटी कोण जेवते आणि त्यांच्या ताटात भाजी किती उरते, ते बघा. मधुमेहाचा आहार तिथून सुरू करता येतो.