प्रश्न माझाच होता

‘जय भीम कॉम्रेड’सारखे माहितीपट करणाऱ्या आनंद पटवर्धनांनी २०२३ साली ‘वसुधैव कुटुंबकम्’मध्ये स्वतःचं घर दाखवलं. स्वातंत्र्यलढ्यातले काका अच्युतराव आणि रावसाहेब, मातीची भांडी घडवणारी आई निर्मला, थकत चाललेले वडील आणि कॅमेऱ्यामागून त्यांना बोलतं करणारा मुलगा. तो माहितीपट पाहिल्यावर मी लालबागच्या आमच्या खोलीत बाबांसमोर कॅमेरा लावला.

करायची होती ती गिरणी संपावरची फिल्म. १८ जानेवारी १९८२, डॉ. दत्ता सामंत, अडीच लाखांच्या आसपास कामगार, सगळं टिपून तयार होतं. बाबा गिरणीत साच्यावर, म्हणजे मागावर होते. साचेखात्यात खडखडाट इतका, की माणसं ओठ वाचून, हातवारे करून बोलत. बाबा अजूनही ओरडूनच बोलतात. लहानपणी मला वाटायचं, ते कायम चिडलेले असतात. संकलनाला बसलो, हेडफोनवर तीच वाक्यं पुन्हा पुन्हा ऐकली, तेव्हा त्या आवाजात राग सापडेना. कानांनी कमी ऐकणाऱ्या माणसाचा आवाज होता तो.

गेटवरच्या सभा, मोर्चे सांगून झाले आणि माझ्या तोंडून यादीत नसलेला प्रश्न निघाला, “बाबा, मला गावी का ठेवलंत?”

संप लांबला तशी गिरणगावातली कितीतरी कुटुंबं कोकणात, घाटावर परतली. आमच्या घरातून मी एकटाच गेलो. सात वर्षांचा होतो. परळ डेपोतून एसटीनं देवरुखला, आजीकडे. धाकटी बहीण मात्र मुंबईतच राहिली.

बाबा गप्प झाले. उत्तर आलं ते चौकटीबाहेरून, मोरीपाशी भांडी घासणाऱ्या आईकडून, “ती अंगावर पीत होती रे. तुला जेवण लागायचं.”

माहितीपटात आपले प्रश्न कापून समोरच्याची उत्तरं ठेवायची, असं आम्ही शिकलो. इथे प्रश्न कापला असता तर आईचं वाक्य संपाच्या हलाखीचा आणखी एक दाखला झालं असतं. तो ठेवला, म्हणून पन्नाशीतल्या मुलाचा कापरा आवाज ऐकू येतो. घरच्यांवर फिल्म म्हणजे आत्मकौतुक, हे मला मुळीच पटत नाही. याच खोलीत इतकी वर्षं राहून मला हे विचारता आलं नव्हतं. कॅमेरा चालू होता म्हणून बाबा उठून गेले नाहीत, आणि मीही.

कच्चं संकलन बाबांनी आवाज मोठा करून पाहिलं. म्हणाले, “आजीचं घर कुठाय यात? तिनं सांभाळलं तुला.”

मे महिन्यात आम्ही तिघं देवरुखला शूटिंगला जातोय.