पानांतला घांस

आमची ज्येष्ठ कन्या पुढील शिक्षणासाठीं कोरिया देशांत जाणार हें ठरल्यापासून आमच्या हडपसरच्या घरांत मातोश्रींनीं तिच्याशीं अबोला धरिला होता. त्यांच्या लेखीं कोरिया म्हणजे लढाई आणि थंडी. १९५३ सालीं मेजर जनरल थोरात यांच्या हाताखालीं भारताचें जें दल तेथें युद्धकैद्यांच्या रखवालीस गेलें, त्यांत मातोश्रींचे मामा होते. परत आल्यावर ते त्या देशाविषयीं थंडीवांचून दुसरें कांहीं सांगत नसत. आज आपल्या रांजणगांवासही कोरियन कंपनीचा कारखाना आहे, हें आम्हीं परोपरीनें सांगून पाहिलें. उपयोग झाला नाहीं.

नाताळच्या सुटींत कन्येनें एक बेत मांडला. तिकडील 'बुलगोगी' घरीं करावयाची. 'बुल' म्हणजे विस्तव व 'गोगी' म्हणजे मांस. मुरविलेल्या मांसाचे पातळ काप भाजून ते हिरव्या पानांत भातासह गुंडाळून खातात. मूळ पदार्थ गोमांसाचा. परंतु आपल्या राज्यांत २०१५ पासून गाईप्रमाणें बैलांच्याही कत्तलीस बंदी आहे, शिवाय शेजारची मंडळी जेवावयास येणार होती. म्हणून आम्हीं बोकडाचें मांस घेण्याचें ठरविलें. खाटिकाकडे कागदासारखे काप मागितले, तेव्हां त्यानें आमच्याकडे अशा दृष्टीनें पाहिलें, कीं आम्हीं मुकाट्यानें बिनहाडाचा तुकडाच घरीं आणिला. तो तासभर बर्फाच्या कप्प्यांत ठेवून कडक केल्यावर काप सुरेख निघाले.

मुरवणास सोया सॉस, साखर, लसूण, कांदा, मिरें व तिळाचें तेल लागतें. मांस मऊ व्हावें म्हणून तिकडे नासपतीसारखें एक फळ किसून घालतात. आम्हीं अधिक शहाणपणा करून कच्च्या पपईचा वाटीभर कीस घातला आणि पातेलें रात्रभर झांकून ठेविलें. पपईंतील पाचक द्रव्य मांसाचे तंतू तोडतें, हें आम्ही वर्गांत दरवर्षीं सांगतों. सकाळीं पाहतों तों सारा लगदा!

"अहो, हें कोणत्या इयत्तेस शिकवितां?" आमच्या कुटुंबानें एवढेंच विचारलें.

दुसऱ्या खेपेस चमचाभर कीस आणि अर्धा तास पुरला. तिकडील तेल भाजलेल्या तिळांचें असतें. आपल्या घाण्याच्या तेलास तो वास नाहीं, म्हणून थोडे तीळ भाजून कुटून वर घातले. लोखंडी तवा चांगला तापवावा व काप थोडेथोडेच टाकावे. एकदम टाकले तर पाणी सुटून मांस शिजतें, भाजत नाहीं. हडपसरच्या मंडईंत लेट्यूसचे दोन गड्डे मिळाले. त्यांचीं पानें धुऊन एकेक कोरडें पुसण्याचें काम आमच्याकडे आलें.

पान तळहातावर घेऊन त्यांत भात, मांस, लसणीची चकती आणि आंबविलेल्या सोयाबीनची तिखट चटणी ठेवावी, विड्यासारखें मिटावें आणि सबंध घांस एकदम तोंडांत घालावा. वडील माणसानें आरंभ केल्यावांचून धाकट्यांनीं जेवूं नये, असा तिकडे रिवाज आहे. आणि ज्याच्यावर माया, त्याला आपल्या हातानें घांस बांधून भरवितात.

सारे थांबले. मातोश्रींचा उजवा हात दोन वर्षें थरथरतो; अन्न सांडतें म्हणून चारचौघांत जेवण्याचें त्या टाळतात. त्या नुसत्या पानाकडे पाहत बसल्या. शेजारच्या काकूंनीं पुढें केलेला हात मागें घेतला.

कन्येनें त्यांतलें लहानसें पान निवडून घांस बांधला.

"आजी, तूं आरंभ केल्याशिवाय आम्हां कोणाला जेवतां येत नाहीं. आ कर."

लहानपणीं तापांत ही मुलगी आजीवांचून कोणाच्या हातचा घांस घेत नसे. मातोश्रींनीं क्षणभर तिच्याकडे पाहिलें व तोंड उघडलें. तो घांस चावून होईपर्यंत कोणी बोललें नाहीं.

"मीठ कमी आहे," त्या म्हणाल्या, आणि थोड्या वेळानें, "मामांचा लोकरी गळपट्टा माझ्या ट्रंकेंत आहे. तो घेऊन जा."

गळपट्ट्यास दोन ठिकाणीं कसर लागलेली निघाली. कन्येनें तो धुऊन गच्चीवर उन्हांत घातला.