हुमलेचं हसू

परवा रात्री झोप येईना म्हणून 'ओंग-बाक' पुन्हा लावला. २००३ चा थाई सिनेमा. दिग्दर्शक प्राच्या पिंकाएव, मारामाऱ्या बसवल्या पन्ना रित्तीक्राईने (हा भला माणूस २०१४ साली गेला). पहिल्यांदा पाहिला तेव्हा मी टोनी जाकडे तोंडाचा आ वासून बघत होतो. ना दोऱ्या, ना संगणकाची करामत. कोपर, गुडघे आणि मुआय थाई. एकच उडी दोन-तीन बाजूंनी पुन्हा पुन्हा दाखवतात, आपल्याला खात्री पटावी म्हणून!

या खेपेला मात्र नजर खिळली ती हुमलेवर. काम केलंय पेत्चताई वोंगकमलाओने, थायलंडभर 'मम जोकमोक' म्हणून ओळखला जाणारा विनोदी नट. (२००४ मध्ये त्याने स्वतः 'द बॉडीगार्ड' काढला, त्यात टोनी जा पाहुणा.) हुमले गाव सोडून बँकॉकला आलेला, केस रंगवलेला, जुगारी. गावचं नाव नको, जॉर्ज म्हणा. बुद्धमूर्तीचं चोरलेलं डोकं शोधायला तिंग गावाहून येतो, तर हा त्याचेच पैसे उडवतो. मला हसू आलं आणि थोडी लाजही वाटली. मला घरी ज्या नावाने हाक मारतात ते कॉलेजात कुणाला कळू नये म्हणून मीही जिवाचं रान केलं होतं.

गल्लीतला पाठलाग आठवतोय? तिंग काटेरी तारेच्या कड्यातून सुळकन जातो. हुमले मागे, धापा टाकत. हाताला सुरा लागतो, गुंड बिचकतात, तेवढ्यात सुऱ्या विकणारी बाई येते आणि प्रत्येक गुंडाच्या हातात एकेक सुरा! तिंगसारखं उडणं आपल्याला कुठलं जमायला? पळताना आपलं जे होईल ते हुमलेचं होतं.

आणि शेवटी ते डोकं फोडायला हातोडा उगारतात तेव्हा हाच पळपुटा त्यावर अंग टाकतो. मरताना सांगतो, मुआय लेकचं शिक्षण पूर्ण होऊ दे.

लहानपणी देवळात काल्याच्या रात्री संकासुर सगळ्यांना हसवायचा आणि विष्णूच्या हातून मरायचा. मी रडायचो. बाबा म्हणायचे, अरे, तो असुर रे! हुमले तर असुरही नव्हता. मूर्तीचं डोकं गावात परत येतं, तिंग हत्तीवरून मिरवत येतो, आणि हुमले येतो तो अस्थी होऊन.