भिंतीवरचे नाव

मी सातवीत असतानाची गोष्ट. सानपाड्यास आमच्या सोसायटीच्या कुंपणाची भिंत पावसाने काळवंडून गेली होती. ठाणे खाडीवर हिवाळ्यात येणाऱ्या गुलाबी रोहित पक्ष्यांचे चित्र तिच्यावर काढावयाचे ठरले आणि एका चित्रकार ताईंच्या हाताखाली आम्हां मुलांना कामास लावण्यात आले.

मला वाटले होते, स्प्रेचा डबा हाती येताच रंग उडवावयाचा! पण पहिला दिवस भिंत खरवडण्यात व धुण्यात गेला, दुसरा तिला पांढरा हात देण्यात. तिसऱ्या दिवशी ताईंनी कागदावरील लहान चित्रावर चौकटी आखल्या. तितक्याच, पण मोठ्या चौकटी आम्ही भिंतीवर खडूने आखल्या आणि एकेका चौकटीतील रेषा तेथे उतरविली. मग डबे निघाले. आम्ही नाकातोंडावर फडकी बांधली. आतली गोळी वाजू लागल्यावरही डबा मिनिटभर हलवावयाचा. तो भिंतीजवळ धरला की रेघ बारीक येते. लांब धरला की रुंद व धूसर. हात एके जागी थांबला, की ओघळ आलाच! आधी मोठे भाग भरावयाचे, कडा शेवटी.

त्या संध्याकाळी उरलेला एक डबा मी लपवून नेला आणि समोरच्या आजोबांच्या, नुकताच चुना दिलेल्या भिंतीवर माझे नाव लिहिले. भीतीने हात थबकत होता. अक्षराअक्षराला ओघळ आले.

सकाळी ताई रागावल्या नाहीत. त्या म्हणाल्या, "अरे, भिंतीच्या धन्याला विचारलेस का? असे न विचारता भिंत विद्रूप करणे हा आपल्या राज्यात 1995 च्या कायद्याने गुन्हा आहे. पण कायद्याचे राहू दे. डहाणूकडच्या वारली घरांत लग्नाच्या वेळी सुवासिनी गेरूच्या भिंतीवर तांदळाच्या पिठाने चौक लिहितात. सारे गाव तो पाहते. पण त्याखाली कोणी आपले नाव घालीत नाही."

मी आजोबांकडे गेलो. "आजोबा, चुकलो," एवढेच बोलवले. त्यांनी मुकाट्याने चुन्याची बादली पुढे केली. मी दोन हात दिले, तरी नाव पुसटसे दिसतच राहिले.

"आता यावर एक रोहित काढ," आजोबा म्हणाले.

या खेपेस हात थबकला नाही. त्या पक्ष्याच्या पंखाखाली माझे नाव आहे. पण ते आम्हां दोघांनाच ठाऊक आहे.